आर्बेनची मान

आमच्या शूटिंग युनिटमध्ये माणसं चारच, मी लाइटवाला. पण चहाला बसलो की निम्मे किस्से एकट्या आर्बेनचेच निघतात. हा आमचा कॅमेरामन, अल्बेनियाचा. तिकडं त्यानं सिनेमे केले, कामं आटल्यावर इटलीत लग्नं शूट केली. चाकणच्या एका कंपनीची फिल्म करायला म्हणून आला, तो इथलाच झाला.

*

पहिल्या दिवशी मी विचारलं, "सर, लाइट ओके?" त्यानं मान आडवी हलवली. मी लाइट सरकवला. पुन्हा आडवी. जेवणाच्या सुट्टीपर्यंत तो लाइट मी कंपनीच्या शेडभर फिरवला. शेवटी तो वैतागला, "चांगला लाइट कशाला बिघडवतोस?"

त्यांच्याकडं होकाराला मान आडवी आणि नकाराला उभी हलते म्हणे. हे मला आधी कोण सांगणार होतं? पुढं तो आपल्यासारखी मान हलवायला शिकला, पण घाबरला की अजून उलटं होतं.

*

त्याच फिल्मसाठी त्याला कामगारांचे ग्रीस लागलेले हात हवे होते. "उद्या असाल तसेच या," असा निरोप दिला. दुसऱ्या दिवशी अख्खी शिफ्ट दाढी करून, नवे शर्ट घालून, हात साबणानं घासून हजर. आर्बेननं कपाळाला हात लावला.

बीडचा एक वेल्डर म्हणाला, "सर, गावाकडं आई बघणाराय ना ही फिल्म."

मग आर्बेननं ते धुतलेले हातच शूट केले. कंपनीला आवडले.

*

सांगवीत एका लग्नाचं काम मिळालं. हा पठ्ठ्या मंगलाष्टकं संपेपर्यंत नवरीच्या आईवरच कॅमेरा लावून बसला. वरपक्ष भांडायला आला, "आमचा नवरदेव कुठाय?"

आर्बेन म्हणाला, "तो रडत नव्हता."

त्या घरातलं पुढचं लग्न दुसऱ्यानं शूट केलं.

*

स्टुडिओसाठी आम्ही रहाटणीत तात्यांची शेड भाड्यानं घेतली. तात्यांच्या रानात आता सोसायट्या उभ्या आहेत, त्यामुळं ते दिवसभर कॅमेऱ्याशेजारी खुर्ची टाकून आमचं काम बघत बसायचे. त्यांची एकुलती एक लेक वैशाली आमचं एडिटिंग करते. तिचं आणि आर्बेनचं जुळलंय हे आम्हाला ठाऊक होतं. तात्यांना सांगायचं कोणी, एवढंच अडलं होतं.

अखेर मला पुढं घालून आर्बेन त्यांच्या घरी निघाला. वाटेत म्हणाला, "भाऊ, ते नाही म्हणाले तर मी परत जाईन. मग इथं नाही राहवणार मला."

तात्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग आर्बेनला म्हणाले, "बाकीचं मागनं बघू. येवढंच सांग, माझ्या लेकीला कायमची तुमच्या मुलखात घेऊन जाणार का?"

आर्बेनला घाम फुटला होता. त्यानं चांगली दोनदा मान डोलावली, वरून खाली.

काकूंनी पदर डोळ्याला लावला. वैशाली दारात तशीच उभी. मी बोलायला तोंड उघडलं, तर तात्यांनी हातानंच मला गप्प केलं.

"रडतीस कशाला? चहा टाक," ते काकूंना म्हणाले. "न्हाई म्हणतोय त्यो."