सुपारी फुटायच्या आधी

गाडीतून पांढऱ्याशुभ्र शर्टातला, भारदस्त मिशांचा माणूस उतरला आणि मी पुढे होऊन त्याला कडकडून मिठी मारली. "राम राम याही!" तो ड्रायव्हर होता. मुलाचे वडील, म्हणजे माझे होऊ घातलेले व्याही, अजून मागच्या सीटवर दाराचं हँडल शोधत होते. मी ताबडतोब माफी मागितली, अगदी मनापासून. अख्खी गाडी पोट धरून हसली.

"हाऊ माणूस ते घरमा बी शूटिंगच करी ऱ्हायना!" मुलाचे काका म्हणाले.

त्यांचा दोष नाही. टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमात मी कित्येक वर्षं मख्ख चेहऱ्याने उभा आहे. कॉलेजच्या नाटकात वाक्य विसरलो, भीतीने थिजून प्रेक्षकांकडे पाहत राहिलो आणि लोक हसून लोळले. तिथून सुरू झालं ते मुंबईपर्यंत गेलं. कधी वेटर, कधी पोस्टमन, बऱ्याचदा प्रेत. बाकीचे नट धावतात, पडतात, साड्या नेसतात. मी फक्त पापणी हलू देत नाही. याचे पैसे मिळतात यावर माझ्या वडिलांचा शेवटपर्यंत विश्वास बसला नाही. अडचण एवढीच, की शूटिंग आटोपून ब्राह्मणपुरीला घरी आलो तरी तोंड तेच राहतं. छातीत दुखतंय म्हणून दवाखान्यात गेलो, तर कंपाउंडर हसत सुटला. खत निकृष्ट निघालं म्हणून दुकानदाराशी भांडलो, तर त्याने सेल्फी घेतला.

त्या दिवशी मात्र मला एक वाक्य खरं बोलायचं होतं. माझी मुलगी शहाद्याला दवाखान्यात नर्स आहे. प्रकाशा गावाकडचे हे पाहुणे सुपारी फोडायला, म्हणजे लग्न पक्कं करायला आले होते, आणि आदल्या दिवशी मध्यस्थाने निरोप आणला होता: लग्नानंतर नोकरी नको, घरी शेती भरपूर आहे. मुलगी मला म्हणाली होती, "बाबा, पोरगा चांगला शे. पण मी नोकरी सोडाव नही. सुपारी फुटाना पहिले सांगा. मंग काही उपयोग नही." बैठकीत मुलीच्या बाजूने बोलायचं ते बापानेच. आणि बाप हा असा.

सुपारीचं ताट मध्ये आलं. मी घसा साफ केला.

"पोर नोकरी सोडाव नही."

हशा.

"खरंच सांगी ऱ्हायनू."

आणखी मोठा हशा. काकांनी मोबाइल काढला. "भाऊ, परत म्हना बरं, तसंच तोंड करीसन!"

आतल्या दाराशी मुलगी उभी होती. ती हसत नव्हती. मध्यस्थाने सुपारी उचलून अडकित्त्यात धरली. ओरडलो असतो तर तेही स्किट वाटलं असतं. उठून गेलो असतो तर टाळ्या पडल्या असत्या. मग टीव्हीवर मी जे कधीच केलं नव्हतं तेवढंच उरलं. मी हसलो.

सवय नसल्यामुळे हसू कुठून सुरू करायचं तेच कळेना. ओठ एका बाजूला गेले, दात उघडे पडले, गालात पेटका आला. बैठक गप्प झाली. काकांनी मोबाइल खाली घेतला.

"याही, तब्येत बरी शे ना?" मुलाच्या वडिलांनी काळजीने विचारलं.

तेवढ्या शांततेत मी बोलून घेतलं. "पोर नोकरी सोडाव नही. लगीन पहिले नही, लगीननंतर बी नही."

या वेळी कोणी हसलं नाही. अडकित्ता ताटात परत गेला. मुलाने काकांकडे पाहिलं.

"घर जाईसन इचार करतस, मंग सांगतस," त्याचे वडील उठत म्हणाले. आमच्याकडे याचा अर्थ सगळ्यांना कळतो.

गाडी गेली. मी ओट्यावर बसून राहिलो, बायको काय बोलते याची वाट पाहत. हे स्थळ तिनेच आणलं होतं, माहेरच्या चार माणसांना शब्द टाकून. ती बाहेर आली. माझ्याकडे न बघता तिने चहाचे कप गोळा केले आणि दारातून आत जाता जाता म्हणाली, "पाव्हनाससाठे करेल शिरा तसाच पडेल शे. तिना डबामा भरी देसू. सकायनी ड्युटी शे तिनी."