प्रेक्षकाला पाठ

आमच्या नाटकात बापाचं काम करणारे काका मंगळवारी वारले.

प्रेक्षकाला पाठ दाखवायची नाही, हा त्यांचा नेम होता. चहाच्या टपरीवरूनही ते आमच्याकडे तोंड करून उलटे निघायचे आणि स्कूटरवाल्यांच्या शिव्या खायचे.

मी लिहिलेल्या त्या नाटकावर आम्ही मित्रांनी महाल या जुन्या वस्तीतल्या एका घरात सिनेमा केला. शेवटी बाप घर सोडून जातो. काका कॅमेऱ्याकडे पाहत उलटे निघाले आणि उंबरठ्याला अडखळले. पुन्हा घेतलं, पुन्हा अडखळले.

"काका, कॅमेऱ्याकडे पाठ करा नं! ऊन चाललं, अन् घर आजच्यापुरतंच भेटलं," दिग्दर्शक रडकुंडीला आला.

"लोकाइले पाठ दाखवू?"

"लोक कुठी हाये? कॅमेरा हाये."

"त्याच्या मांगं लोकच असते, बाबू."

शेवटी मी दाराबाहेर गल्लीत, कॅमेऱ्यात येणार नाही अशी खुर्ची टाकून बसलो. "काका, प्रेक्षक इकडे आहे."

काका तत्काळ वळले. माझ्याकडे पाहत, भरल्या डोळ्यांनी बाहेर आले.

"कसं झालं?"

"रडवलंत."

"मंग टाळी काहून नाही वाजवली गा?"

आवाजही टिपला जात होता, म्हणून वाजवली नव्हती.

सिनेमात त्यांची पाठ आहे. तो चेहरा फक्त मी पाहिला.