बाबूजींची पाणबुडी वर का आली नाही

माझ्या बाबूजींना मी अख्ख्या गावासमोर खोटं पाडलं.

तेव्हा मी दहा वर्षांची होते. आज त्यांना जाऊन चाळीस वर्षं झाली, आणि हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्यालाही नाही.

ज्यांनी त्यांना पाहिलं नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. बाबूजी दुसऱ्या महायुद्धाच्या काळात मुंबईच्या गोदीत फिटर होते. तिथून त्यांना सिलोनला पाठवलं. तिथे इंग्रजांच्या पाणबुड्या रिपेअरला यायच्या.

लढाई संपल्यावर ते आमच्या मूल गावी परतले. नोकरीचे सगळे कागद लाकडी पेटीत ठेवले, आणि पेटीला वाळवी लागली.

झालं. पन्नासच्या दशकातलं आमचं मूल, चांदा जिल्ह्यातलं, चंद्रपूरला तेव्हा चांदा म्हणायचे, समुद्र पाहिलेला माणूस गावात दुसरा नाही. कोण विश्वास ठेवणार?

बाबूजी राइस मिलमध्ये पोती उचलू लागले.

पण पाणबुडीचा विषय निघाला की त्यांची पाठ ताठ व्हायची.

"लहानशीच होती. नव्या पोरायले शिकवाले बांधलेली. लढाई लागली, मंग तिलेबी टॉरपीडो देऊन धाडलं."

"तिले दोन कवचं. मधात टाक्या. वरचा व्हॉल्व्ह उघडला का हवा निघून जाते, खालून पाणी शिरते, ते बुडते. पुन्हा हवा भरली का पाणी बाहेर, अन् ते वर!"

रिपेअरनंतर टेस्टिंगला फिटरलाही आत बसावं लागे. ज्याने व्हॉल्व्ह बसवला त्यानेही बुडायचं, असा साहेबाचा नियम. बाबूजी एकदा बुडून आले होते. पूर्ण वेळ डोळे मिटून, हे ते स्वतःच हसत सांगायचे.

मिलमधले लोक म्हणायचे, "लोखंड बुडते हे समजलं. पण वर येते? काऊन फेकून राह्यले, भाऊ?"

एकदा घुग्घुसकडच्या एका कोळसा खाणीचे इंजिनियर मिलमध्ये आले. त्यांना पंप फिटर हवा होता. बाबूजी पुढे गेले. साहेबांनी कागद मागितले.

"कागद नाई जी. पण पाणबुडी बनवून दाखवतो. बुडवतो, अन् वर काढतो."

साहेब हसले, पण पुढच्या रविवारी येतो म्हणाले.

आठवडाभर बाबूजी मिलमधून आले की तेच करत बसायचे. रॉकेलचा डबा, खाली भोकं, वर दोरीने उघडणारा व्हॉल्व्ह, हवा भरायला लांब नळी आणि सायकलचा पंप. बंद व्हॉल्व्हमधून हवा गळू नये म्हणून त्याचं वॉशर त्यांनी जुन्या ट्यूबमधून कापलं. माझ्यासमोर बसवलं. बादलीत डबा तीनदा बुडाला, तीनदा वर आला.

घरात आनंदीआनंद. मी सोडून.

खाणीच्या गावात मुलींना चौथीच्या पुढे शाळा नाही, असं मैत्रिणीने सांगितलं होतं. खरं की खोटं, कुणाला विचारलंही नाही. मी पाचवीत होते. मला शाळा सोडायची नव्हती.

रविवारी सकाळी बाबूजी आंघोळीला गेले तेव्हा मी ते वॉशर काढलं आणि चुलीत टाकलं.

गावच्या तलावावर ही गर्दी! साहेबही आले. बाबूजींनी दोरी ओढली, डबा झपकन बुडाला. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

मग ते पंप मारू लागले.

नुसते बुडबुडे वर येत होते. बाबूजी मारत राहिले, घामाघूम झाले. शेवटी नळी ओढली तर नळीच तेवढी हातात आली. डबा गाळात राहिला तो राहिलाच.

कुणीतरी ओरडलं, "भाऊ, तुमी डोये मिटून बसले असान, त्याच्यानं वर आली वाटलं!"

सगळे हसले. साहेब बिचारे हसले नाहीत. बाबूजींच्या खांद्यावर हात ठेवला आणि निघून गेले.

माझी शाळा सुटली नाही. मी शिकले, मास्तरीण झाले. बाबूजींनी पोती उचलून मला शिकवलं. पाणबुडीचं नाव मात्र त्यांनी पुन्हा काढलं नाही. कुठलाही नट बसवला की उघडून बघायचे, परत बसवायचे, परत उघडायचे. इतका पक्का फिटर, पण स्वतःच्या हातावर भरवसा राहिला नव्हता.

नोकरी लागल्यावर मी सुटीत घरी आले होते. ते दुपारी स्टोव्ह दुरुस्त करत बसले होते. एकाएकी थांबले.

"बेबी, त्या दिवशी तू होती ना माह्याजवळ? मी वॉशर बसवलं होतं ना?"

मी चोवीस वर्षांची होते. वर्गात पोरांना खरं बोला म्हणून शिकवत होते.

"आठवत नाई, बाबूजी."

त्यांनी स्टोव्हचा बसवलेला नट परत उघडला.

"मलेबी आता पक्कं आठवत नाई," म्हणाले. "नसंन बसवलं."

दहा वर्षांच्या मुलीला मी कधीतरी माफ करीन. त्या चोवीस वर्षांच्या बाईला नाही.

मूलचे जे कोणी वाचत असतील, ज्यांच्या आजोबांनी त्या दिवशी तलावावर हसून घेतलं, त्यांनी हे घरी वाचून दाखवा. माझ्या नावासकट.

बाबूजी, तुम्ही वॉशर बसवलं होतं. नीट बसवलं होतं. मी पाह्यलं होतं.

तुमच्या बेबीचा नमस्कार.