दसऱ्याचा नीलकंठ

जनवाड्याला माझ्या शेजारी राहणारे अप्पा माझ्याशी बोलतात ते भांडायलाच. त्यांच्या घरी कानडी, माझ्या घरी मराठी. निळ्या पंखांच्या एका पाखराला ते नीलकंठ म्हणतात, मी तास म्हणतो. शाळा मी फार शिकलो नाही, पण आज्याच्या तोंडचं नाव सोडणारा मी नव्हे.

"शंकराच्या पाखराला तास म्हणायलास? लाज न्हाई का, अण्णा?" दर वेळी ते काठी आपटून विचारतात.

दसऱ्याला हे पाखरू दिसल्याशिवाय आमच्याकडची जुनी माणसं जेवत नाहीत. दिसलं की वर्ष चांगलं जातं. अप्पांचं चांगलं वर्ष म्हणजे हैदराबादला कामाला गेलेला मुलगा घरी येणं. तो फोनवर नुसता येतो म्हणतो.

यंदा शिवारात आम्ही दोघंच गेलो. ऊन डोक्यावर आलं तरी पाखरू नाही. शेवटी विहिरीवरच्या तारेवर निळं काहीतरी हललं. अप्पांच्या डोळ्यांत मोतीबिंदू.

"दिसला! नीलकंठच न्हवं?" अप्पांनी काठी खाली टाकून विचारलं.

तो खंड्या होता, विहिरीतले मासे टिपणारा. मी म्हणालो, "व्हय अप्पा, नीलकंठच. चला, जेवून घेऊ."

हात जोडता जोडता ते थांबले. माझ्याकडं तोंड वळवून म्हणाले, "आज तू भांडला न्हाईस. म्हंजी हे दुसरंच कायतरी हाय."

मग ते बांधावर बसले आणि म्हणाले, "तू जा जेवायला."

मी कसला जातो!