मुंजाजीच्या हल्याचा मान

मुंजाजी आमच्या गावचा पखालवाला. हल्याच्या, म्हणजे रेड्याच्या, पाठीवर चामड्याची पखाल टाकून दुधना नदीचं पाणी घरोघर पोचवायचा. बोलणं कमी, जे काही बोलायचं ते हल्याशी. मी त्याची टिंगल करायचो. पोळ्याला ज्याचा बैल तोरणाखालून पहिला जातो त्या मानाच्या घरचा मी, अंगात मस्ती होतीच.

पंचावन्न सालच्या श्रावणात मी, माझी बायको चतुराबाई आणि निंदायला आलेली छबूबाई नदीतल्या बेटावरच्या शेतात अडकलो. वरच्या अंगाला कुठंतरी पाऊस झाला होता. बघता बघता गढूळ पाणी चढलं आणि बेट खळ्याएवढं उरलं. काठावर सारा गाव ओरडत होता, पाण्यात मात्र कुणी उतरेना. मुंजाजीनं पखाल उतरवली, हल्याला पाण्यात घातलं आणि त्याचं शिंग धरून पोहत आला. तीन खेपा केल्या. दर खेपेला एकानं शेपूट धरायचं. छबूबाई गेली, चतुराबाई गेली, शेवटी मी. शेपूट धरताना मी अक्षरशः रडत होतो.

"मुंजा, वाचलो तर यंदा माझ्या बैलाआधी तुझा हल्या तोरणाखालून जाईल."

"आधी शेपूट घट्ट धरा, मालक," एवढंच तो म्हणाला.

पोळा जवळ आला तशी गावात कुजबुज सुरू झाली. यमाचं वाहन बैलांच्या पुढं? मी नुसता ऐकत राहिलो. मुंजाजीला यातलं कुणी सांगितलं नाही. त्यानं हल्या तेलानं चकचकीत केला, शिंगं रंगवली, बायकोच्या लुगड्याची झूल घातली. तोरणाशी येऊन माझ्याकडे बघून हसला. त्याला हसताना मी प्रथमच पाहिलं.

"मुंजा, माघारी ने," मी म्हणालो. "लोक हसायलेत."

एकही माणूस हसत नव्हता. मुंजाजीनं झूल सारखी केली आणि हल्या वळवला. हलगी वाजली, मी माझा बैल पुढं काढला. थू माझ्या मानावर!

संध्याकाळी चतुराबाई पुरणपोळीचं ताट घेऊन त्याच्याकडे निघाली. मीही चपला घातल्या.

"तुमी नका येऊ," ती म्हणाली. "तुमी संगं असल्यावर मला त्याच्याकडं बघवायचं न्हाई."

दुसऱ्या दिवशी मुंजाजी रोजच्यासारखा दाराशी आला. "मालक, रांजण उघडा," म्हणाला. आवाजात काहीच राग नव्हता. माझ्यानं उंबरा ओलांडवला नाही. पुढं तो होता तोवर, पाण्याच्या वेळेला मी कधी घरात थांबलो नाही.