दोन काड्यांची ढील

लीरा शहरातल्या आमच्या बोडावाल्यांच्या, म्हणजे मोटरसायकलवर भाडी मारणाऱ्यांच्या, थांब्यावर आंब्याखाली कुठल्या मेकॅनिकनं बसायचं, हे दरवर्षी हात वर करून ठरतं. ओलेट बरीच वर्षं निवडून येत होता. काम चोख आणि तोंड बंद; मतं मिळायला आणखी काय लागतं?

त्या वर्षी आमच्या अध्यक्षाला, एबोंगला, हौस आली. उंच हँडल काढून त्यानं बुटकं बसवलं. साहजिकच रेसची केबल लांब पडली आणि टाकीवर वेटोळं घालून बसली. ओलेटनं बाहेरची नळी आणि आतली तार, दोन्ही कापून बेताची केली. तारेचं टोक झाडूसारखं पिंजारलं, मगच मुठीत अडकणाऱ्या गोळीत बसवून कथलाचा डाग दिला. न पिंजारता दिला तर गोळी भर रस्त्यात सुटते. इंजिन चालू ठेवून हँडल पार डावीकडे, पार उजवीकडे वळवलं आणि कान दिला. आवाज वाढला नाही. मुठीला आगपेटीच्या दोन काड्यांच्या जाडीएवढी ढील ठेवली होती.

एबोंगनं मूठ पिळून पाहिली. "काय रे, आज पिळलं की गाडी उद्या निघणार का?"

आम्ही सगळे खिदळलो. ओलेटचं नाव तिथंच 'उद्या' पडलं.

"अध्यक्ष, हँडल वळलं की केबल ताणते. ढील नसेल तर गाडी आपसूक रेस घेईल."

"घेऊ दे की! गिऱ्हाईकानं हात केला की जो आधी पोचेल त्याचं. तुझ्या दोन काड्यांत ते दुसऱ्याच्या मागं बसतं. समोरचा मेकॅनिक ओक्विर बघ, कशी टाइट करून देतो! मला काय, शनिवारी हात वर करायचाच आहे."

ओलेटनं एकदा आंब्याकडे पाहिलं, पाना उचलला आणि ढील काढून टाकली. या खेपेला हँडल वळवून पाहिलं नाही. काय ऐकू येणार, ते त्याला माहीत होतं.

दुसऱ्या दिवशी गिऱ्हाईक दिसलं म्हणून एबोंगनं जागच्या जागी गाडी वळवली. गाडी किंचाळली, तो घाबरला, मूठ आणखी आवळली आणि थेट शेंगदाणे विकणाऱ्या अकुल्लूमावशीवर गेला. मावशीचा पाय मोडला.

आंब्याखाली बैठक बसली.

"मी सांगितलं होतं," ओलेट म्हणाला.

"सांगितलंस ना? मग माहीत असून घट्ट का केलीस?" एबोंगनं विचारलं.

ओलेटनं आमच्याकडे पाहिलं. शनिवारची धमकी सगळ्यांनी ऐकली होती, पण आम्ही आपापल्या चपला बघत होतो. शनिवारी ओक्विरसाठी हात वर झाले, माझाही झाला.

मग एबोंगनं नियम काढला, प्रत्येक गाडीला दोन काड्यांची ढील हवीच. ओक्विर खुशीनं ठेवतो. आम्हीही सांगतो, "भाऊ, जराशी उद्या ठेव हं."

ओलेट आता वीटभट्टीवर चिखल तुडवतो. परवा माझ्या मागं बसला होता. वळणावर मी हँडल पूर्ण वळवलं, तसा तो पुढं झुकला. कान इंजिनाकडे.

"केबल कुणी केली?"

"ओक्विरनं."

"बरोबर केलीय," तो म्हणाला, आणि घर अजून लांब असताना तिथंच उतरला.