अब्बांनी न पाहिलेला चित्ता

अब्बांनी आयुष्यात कधी चित्ता पाहिला नव्हता.

तरी शेवटी शेवटी ते मला विसरले, आणि चित्ता तेवढा राहिला.

तो चित्ता खरं तर त्यांच्या वडिलांचा.
संस्थानच्या महाराजांच्या काळात आमचं घराणं चित्तेवान. शिकारीचे चित्ते सांभाळणारं. आजोबा तेव्हा लहान होते. नवा चित्ता आला की त्याचे डोळे झाकून त्याला घरातच बांधायचे. मग बायका-पोरांनी शेजारी बसून दिवसभर त्याच्याशी बोलायचं. माणसाच्या आवाजाला सरावला पाहिजे ना!

आमच्या लहानपणी अब्बांची स्टोरी ‘माझा बाप सांगायचा’ अशी सुरू व्हायची.
वय झालं तसं ‘आमच्यात असं करायचे’ झालं.

मग एक दिवस थेट,
“मी त्याला लोणी चारलं. काय जीभ ती! कानस जणू!”

कानस?
आजोबांच्या गोष्टीत कानस नव्हती. अब्बा एसटीत मेकॅनिक होते. लोखंड घासायची कानस त्यांच्या हातातली.

भाऊ लगेच करेक्ट करायचा.
“अब्बा, तुम्ही जन्मायच्या आधीच चित्ते संपले.”
“व्हय? मग मला चाटलं ते काय मांजर हुतं?”

सगळे हसायचे. मीही.
पण चहा देताना मी रोज हळूच विचारायची, “अब्बा, मी कोण?”
ते अगदी अदबीनं म्हणायचे, “पावणं हाय की. बसा, बसा.”

स्वयंपाकघरात जाऊन रडायची मी.

एका दुपारी त्यांच्या कॉटशेजारी नुसतीच बसले होते. बोलायला काही उरलंच नव्हतं.
अब्बा कुजबुजले,
“गप का बसलीयास? बोल की. बुजंल ते.”
“काय बोलू?”
“काय बी. चटणीचं बोल. शेजारणीचं बोल.”

मग बोलत सुटले. मिरची किती महागली, लेकीची परीक्षा, शेजारणीची नवी सून.
अब्बा चादरीवरून हात फिरवत होते. सावकाश. कुणाच्या तरी पाठीवरून फिरवावा तसा.

धीर करून विचारलं, “अब्बा, पावण्यांनी बोललेलं चालतं त्याला?”

केवढे चिडले!
“पावण्याला कोण बसवतंय हितं? घरातलंच माणूस लागतं.”

आज वर्ष झालं, अब्बा.
अल्लाह तुम्हाला त्याच्या सावलीत ठेवो.